वाचकांचे प्रश्न : हायब्रिड गाडीला कोणते चाक चालते?

प्रश्न : माझ्याकडे मारुतीची ग्रँड विटारा स्ट्राँग हायब्रिड (पेट्रोल इंजिन आणि विजेची मोटर, दोन्हींवर चालणारी) आहे. पावसाळ्यात मुंबई-गोवा महामार्गावर हातखंब्याच्या अलीकडे पाण्याने भरलेल्या खड्ड्यात डावीकडची दोन्ही चाके आदळली. पुढच्या अलॉयला तडा गेला आणि मागचे वाकले. कंपनीच्या नव्या अलॉयची किंमत परवडण्यासारखी नाही. ओळखीच्या टायरवाल्याकडे क्रेटाची चार जुनी अलॉय आहेत. “सतरा इंची, पाच होल, टायरचा साइजही तोच, डिट्टो बसतील,” असे तो म्हणतो. तडा गेलेले चाक वेल्डिंग करून देणाराही एक जण भेटला आहे. काय करावे?
— एक वाचक, रत्नागिरी

उत्तर : वेल्डिंगचा विचार आधी सोडून द्यावा. अलॉय हे ओतीव अ‍ॅल्युमिनियम असते आणि त्यावर कारखान्यात उष्णतेची प्रक्रिया केलेली असते. वेल्डिंगच्या आचेने तडा वरून भरलेला दिसतो, पण त्याच्या आजूबाजूचा धातू मऊ पडतो आणि पुढचा तडा त्याच्याच कडेने जातो. भर रस्त्यात, आंबा घाटाच्या उतारावर पुढचे चाक फुटणे म्हणजे काय, हे वेगळे सांगायला नको. मागचे चाक आतल्या कडेला किंचितच वाकले असेल आणि कुठेही तडा नसेल, तर चांगल्या यंत्रावर ते सरळ करून घेता येते. दांड्याला, म्हणजे स्पोकला, धक्का बसला असेल तर मात्र तेही बाद समजावे.

आता क्रेटाच्या चाकांकडे वळू. आपला टायरवाला खोटे बोलत नाही, तो अर्धे सांगतो आहे. दोन्ही गाड्यांना २१५/६० आर १७ (रुंदी २१५ मिलिमीटर, भिंतीची उंची रुंदीच्या ६० टक्के, रिम १७ इंची) हा टायर येतो, दोन्हींना पाच नट आहेत आणि नटांच्या वर्तुळाचा व्यास, ज्याला गॅरेजमध्ये पीसीडी म्हणतात, तोही दोन्हींचा ११४.३ मिलिमीटरच आहे. फरक पडतो तो चाकाच्या मधल्या भोकात. ग्रँड विटाराच्या हबचा, म्हणजे चाक ज्या चकतीवर बसते तिच्या मध्याचा, उंचवटा ६०.१ मिलिमीटरचा आहे आणि क्रेटाच्या चाकाचे भोक ६७.१ मिलिमीटरचे. म्हणजे चाक हबवर चढेल, अगदी सहज चढेल, आणि तिथेच फसगत होते, कारण त्याच्या चहूबाजूंनी साडेतीन मिलिमीटरची पोकळी राहते. मूळ चाक हबच्या उंचवट्यावर नेमके बसते आणि त्यामुळे आपोआप मध्यावर येते. हे चाक फक्त नटांच्या निमुळत्या तोंडांच्या भरवशावर मध्यावर येणार. ते केसाइतके जरी सरकून आवळले गेले तरी ८०-१०० च्या वेगाला स्टिअरिंग थरथरू लागते, आणि बॅलन्सिंग कितीही वेळा करून घेतले तरी ती थरथर जात नाही, कारण दोष चाकात नसून ते जिथे बसले आहे तिथे असतो. यावर उपाय म्हणजे ६७.१ मधून ६०.१ वर आणणारी हब रिंग. ती अ‍ॅल्युमिनियमची न घेता चांगल्या कडक प्लास्टिकची घ्यावी. खाऱ्या हवेत अ‍ॅल्युमिनियमची रिंग हबच्या लोखंडाला अशी चिकटते की पुढच्या पंक्चरच्या वेळी चाक काढायला हातोडा लागतो.

दुसरी अडचण नटांची आहे. सुझुकीच्या स्टडची, म्हणजे नट ज्यावर फिरतो त्या आटीच्या खुंटीची, आटी १२ बाय १.२५ ची (जाडी १२ मिलिमीटर, दोन आट्यांमधले अंतर १.२५ मिलिमीटर) असते, ह्युंदाईची १२ बाय १.५ ची. जुन्या चाकांबरोबर त्यांचे नट “फुकट” मिळतात, ते घेऊच नयेत. असा नट हाताने एक-दोन वेढे फिरतो, मग जड होतो, आणि त्या क्षणी टायरवाल्याने हवेचे गन लावले की आटी मोडून स्टड निकामी होतो. नट नेहमी गाडीचा असावा आणि त्याचे बूड, म्हणजे चाकाला टेकणारी बाजू, चाकाच्या भोकाशी जुळणारे असावे. आपल्या बाबतीत दोन्हीकडे निमुळते बूड असल्याने गाडीचे स्वतःचे नट चालतील.

तिसरी गोष्ट ऑफसेट. चाकाच्या रुंदीचा मध्य आणि हबला टेकणारी सपाट बाजू यांच्यातले अंतर म्हणजे ऑफसेट. चाकाच्या आतल्या बाजूला ‘ईटी’ या अक्षरांपुढे तो मिलिमीटरमध्ये कोरलेला असतो. टायरवाल्याकडे जाण्याआधी आपले एक धड चाक काढून उलटे ठेवावे, मातीचा थर ओल्या फडक्याने पुसावा आणि रुंदी, ईटी व चाक किती भार सोसते तो आकडा कागदावर लिहून घ्यावा. मग क्रेटाच्या चाकावरचे आकडे त्याशेजारी लिहावेत. रुंदी तीच असेल आणि ऑफसेटमधला फरक पाचेक मिलिमीटरच्या आत असेल तर चाक बहुधा अडणार नाही. त्यापुढे गेले की आतून सस्पेन्शनला किंवा बाहेरून मडगार्डच्या कडेला लागण्याचा धोका वाढतो आणि बेअरिंगवरचा ताणही बदलतो. स्पेसर, म्हणजे हब आणि चाक यांच्यामधली चकती, घालून ही तूट भरून काढण्याचा सल्ला मिळेल. तो मानू नये.

पीसीडीची खात्री करायची असेल तर पाच नटांच्या चाकावर समोरासमोर मोजता येत नाही, कारण समोर भोकच नसते. शेजारच्या दोन भोकांच्या मध्यांमधले अंतर मोजावे आणि त्याला १.७ ने गुणावे. ११४.३ च्या चाकावर हे अंतर सुमारे ६७.२ मिलिमीटर येते, तर ११२ च्या चाकावर ६५.८. म्हणजे दोन्हींत दीड मिलिमीटरचाही फरक नाही, आणि म्हणूनच ११२ चे चाक जबरदस्तीने बसवून दिल्याची उदाहरणे गॅरेजांत दिसतात. अशा चाकाचे नट तिरके बसतात आणि काही आठवड्यांत सैल होतात.

आपली गाडी हायब्रिड असल्याने आणखी काही गोष्टी पाहाव्या लागतात. बॅटरी आणि मोटर यांच्यामुळे ती त्याच आकाराच्या साध्या पेट्रोल गाडीपेक्षा जड असते. चाकावर कोरलेला भार, कंपनीने दिलेल्या जड अ‍ॅक्सलच्या कमाल वजनाच्या निम्म्यापेक्षा कमी असता कामा नये. टायरचा लोड इंडेक्सही तसाच पाहावा : ९६ म्हणजे ७१० किलो, ९१ म्हणजे ६१५ किलो. कंपनीने दिला आहे त्याच्या खाली कधीही उतरू नये. आणि चाकाचे स्वतःचे वजनही मोजावे. भंगारवाल्याकडे काटा असतोच. या गाडीचे २७.९७ किलोमीटर प्रति लिटर हे जाहीर मायलेज कंपनीच्या मूळ चाकांवर आणि टायरांवर काढलेले असते. गावातल्या थांबत-थांबत जाण्यात जड चाक दर वेळी नव्याने फिरवावे लागते. ब्रेक लावताना त्यातली काही ऊर्जा बॅटरीत परत येते, पण सगळी येत नाही.

माझे मत विचाराल तर क्रेटाची चाके रिंग घालून बसवणे अशक्य नाही, पण हातचा उपाय तो नव्हे. याच मॉडेलच्या दुसऱ्या गाडीवरून उतरवलेली दोन मूळ अलॉय शोधावीत. पुष्कळ हौशी लोक नव्या गाडीची चाके महिन्याभरात बदलतात आणि मूळ चाके टायरवाल्यांच्या माळ्यावर पडून असतात. कोल्हापूरला किंवा पुण्याला चौकशी केली तर ती मिळतात. तीही मिळाली नाहीत तर त्याच मॉडेलच्या खालच्या व्हेरियंटची सतरा इंची स्टीलची चाके पार्ट नंबर पाहून घ्यावीत. दिसायला साधी असतात, पण खड्ड्यात आपटली तर तडकत नाहीत, वाकतात, आणि वाकलेले स्टील ठोकून सरळ होते. एका अ‍ॅक्सलवर मात्र एकाच जातीची दोन चाके असू द्यावीत.

चाके बदलताना गाडी बंद करून चावी दूर ठेवावी. ‘रेडी’ अवस्थेत हायब्रिड आवाज न करता उभी असते आणि बंदच आहे असा समज होतो. जॅक फक्त दारांच्या उंबऱ्याखालच्या ठरलेल्या जागीच लावावा; गाडीखालून जाणाऱ्या, जास्त व्होल्टच्या नारिंगी केबलींच्या आसपास नको. नट हाताने लावून, एकाआड एक असे, टॉर्क पान्ह्याने मॅन्युअलमध्ये दिलेल्या आकड्यापर्यंत आवळावेत आणि शंभरेक किलोमीटर चालल्यावर पुन्हा तपासावेत.

प्रश्न : टोयोटा हायरायडर हायब्रिडला अठरा इंची, जरा बाहेर निघणारी चाके लावायची आहेत. गाडी उंच दिसेल आणि गावच्या रस्त्यावर खालून लागणार नाही. कायद्याची अडचण येईल का?
— एक वाचक, अलिबाग

उत्तर : आधी हिशेब करू. आपल्या मूळ २१५/६० आर १७ टायरचा पूर्ण व्यास ६८९.८ मिलिमीटर भरतो. अठरा इंची रिमवर २३५/५० घातला तर ६९२.२, म्हणजे जवळजवळ तोच. २२५/५५ घातला तर ७०४.७, म्हणजे दोन टक्क्यांहून जास्त. पहिल्यात उंची वाढत नाही, कारण व्यास तेवढाच राहतो आणि टायरची भिंत तेवढी पातळ होते. दुसऱ्यात गाडी अवघी साडेसात मिलिमीटर वर उचलली जाते, आणि त्या मोबदल्यात स्पीडोमीटर कमी वेग दाखवू लागतो व मायलेजचे आकडे फसवे होतात. जांभ्या दगडाच्या कच्च्या रस्त्यावर पातळ भिंतीचा टायर म्हणजे रिमला मिळणारा धक्का थेट. वरच्या पत्रलेखकांच्या चाकांचे काय झाले ते आपण वाचलेच असेल. उंचीसाठीच करायचे असेल तर अठरा इंच हा उलट्या दिशेचा रस्ता आहे. उलट सोळा इंची रिमवर २१५/६५ घातला तर व्यास ६८५.९ येतो आणि भिंत जाड मिळते. मात्र लहान रिम पुढच्या ब्रेक कॅलिपरला घासत नाही ना, हे टायर चढवण्याआधी नुसती रिम बसवून पाहावे लागते.

“जरा बाहेर” याचाही हिशेब असतो. समजा मूळ चाक ६.५ इंच रुंद आणि ऑफसेट ५० आहे, आणि नवे ७.५ इंच रुंद व ऑफसेट ४० आहे. रुंदीतला अर्धा इंच, म्हणजे १२.७ मिलिमीटर, दोन्ही बाजूंना वाढतो आणि ऑफसेट कमी झाल्याने चाक आणखी १० मिलिमीटर बाहेर सरकते. बाहेरची कड एकूण २२.७ मिलिमीटर बाहेर येते. चौघे बसवून, सामान भरून गाडी स्पीडब्रेकरवर दबली की मडगार्डची कड टायरला कापते, आणि पावसात उडालेला चिखल दाराच्या मुठीपर्यंत जातो.

एक गोष्ट आवर्जून सांगतो. आपल्या गाडीवर टोयोटाचा बिल्ला असला तरी तिचा सांगाडा सुझुकीचा आहे. ‘टोयोटासाठी’ म्हणून मिळणारे १२ बाय १.५ आटीचे नट डोळे झाकून घेऊ नयेत. एक नट काढून दुकानात न्यावा.

कायद्याचे म्हणाल तर मोटार वाहन अधिनियम, १९८८ च्या कलम ५२ नुसार निर्मात्याच्या मूळ तपशिलाशी विसंगत ठरेल असा बदल गाडीत करता येत नाही, आणि सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०१९ मध्ये हीच भूमिका ठामपणे मांडली. कंपनीने याच मॉडेलच्या कोणत्याही व्हेरियंटला दिलेल्या मापात राहिलात तर वाद उद्भवत नाही. मडगार्डबाहेर आलेले चाक नाकाबंदीत पहिल्यांदा नजरेत भरते. शिवाय बाहेरून घेतलेली चाके विमा कंपनीला कळवून पॉलिसीत लिहून घ्यावीत, नाहीतर दाव्याच्या वेळी हुज्जत होते.

प्रश्न : घर समुद्रापासून दोन शेतांवर आहे. तीन वर्षांत अलॉयच्या चकचकीत कडेवर पांढरे कोळिष्टकासारखे चट्टे आले असून एका चाकाची हवा दर आठवड्याला कमी होते. नवीन चाके कोणती घ्यावीत?
— एक वाचक, मालवण

उत्तर : ज्या अलॉयचा दर्शनी भाग यंत्रावर कापून चकचकीत केलेला असतो आणि वरून फक्त पारदर्शक लाखेचा थर असतो, ती किनाऱ्यावर टिकत नाहीत. खडीचा एक टवका उडाला की खारा ओलावा लाखेखाली शिरतो आणि धाग्यांसारखा पसरत जातो. आपण वर्णन केले आहे ते हेच. नवीन घेताना पूर्ण रंगवलेली, शक्यतो पावडर कोटिंगची, साधी चंदेरी किंवा करडी चाके घ्यावीत. हवा कमी होण्याचे कारण बहुधा पंक्चर नसून टायर जिथे रिमला टेकतो त्या कडेवरची गंजाची खरबरीत पूड असते. टायर उतरवून ती कड घासून, रंगवून घेतली तर जुनी चाके आणखी काही वर्षे चालतील. खर्च थोडाच येतो. व्हॉल्व्ह रबराचा असावा. अ‍ॅल्युमिनियमच्या व्हॉल्व्हमध्ये साधी पितळी पिन घातली तर खाऱ्या हवेत ती अडकून बसते.

चाक काढले की हबची सपाट बाजू तारेच्या ब्रशने घासून मधल्या उंचवट्यावर बोटाने थोडेसे अँटी-सीझ (धातू एकमेकांना चिकटू न देणारा लेप) लावावे, म्हणजे चाक चिकटणार नाही. स्टडला आणि नटाच्या बुडाला ते लावू नये, कारण मग नट ठरल्यापेक्षा जास्त आवळला जातो. त्याच वेळी ब्रेकच्या डिस्कही पाहाव्यात. हायब्रिड गाडी बराचसा वेग मोटरच्या साहाय्याने कमी करते, ब्रेक पॅड क्वचित चावतात आणि त्यामुळे किनाऱ्यावर डिस्कवर गंजाचे खड्डे पडतात. आठवड्यातून एकदा, मागे कोणी नसताना, मोकळ्या सरळ रस्त्यावर जरा जोरात ब्रेक दाबून गाडी थांबवली तरी डिस्क घासली जाते.

प्रश्न : होंडा सिटी हायब्रिडचे दोन नट हरवले आहेत. बाजारातले साधे नट चालतील का?
— एक वाचक, गुहागर

उत्तर : आटी १२ बाय १.५ ची असली तरी चालणार नाहीत. होंडाच्या मूळ अलॉयला गोलाकार बुडाचे नट लागतात आणि बाजारातले बहुतेक नट निमुळत्या बुडाचे असतात. असा नट चाकाला फक्त एका बारीक कडेवर टेकतो, आवळल्यावर घट्ट वाटतो आणि चालता चालता सैल होतो. होंडाच्या दुकानातून दोन मूळ नट मागवावेत, १०८ न्यूटन-मीटरला आवळावेत, आणि ते येईपर्यंत गाडी लांब नेऊ नये.