मुंगीला नक्की चालवतंय कोण?

प्रश्न : एका व्हिडिओत बघितलं की बुरशी मुंगीच्या डोक्यात शिरते, तिला झाडावर चढवते आणि मग डोकं फोडून बाहेर येते. हे खरंच होतं का नुसतं ग्राफिक्स आहे? बुरशीला स्वतःला मेंदू नाही, मग ती दुसऱ्याचा मेंदू कंट्रोल कशी काय करते? आणि माणसाला असलं काही होऊ शकतं का? घरात मांजर आहे म्हणून जरा जास्तच धाकधूक वाटतेय.

उत्तर : ग्राफिक्स नाही, खरंच होतं. बुरशीचं नाव ऑफिओकॉर्डिसेप्स, आणि ती सुतार मुंग्यांना धरते. थायलंडच्या जंगलात यावर बराच अभ्यास झालाय. तिथे या मुंग्यांची घरं उंच झाडांच्या शेंड्याकडे असतात, त्यामुळे लागण झालेली मुंगी खरं तर वरून खाली येते, झटके येऊन पडते, भरकटल्यासारखी फिरते आणि शेवटी जमिनीपासून साधारण 25 सेंटीमीटरवर एखाद्या पानाच्या खालच्या बाजूला जाऊन मधल्या शिरेला कडकडून चावते, आणि तो जबडा मेल्यावरही सुटत नाही. तिथला दमटपणा बुरशीला बरोबर मानवतो. मग काही दिवसांनी डोक्याच्या मागून एक देठ फुटतो, त्यातून बीजाणू खाली पडतात आणि खालून जाणाऱ्या दुसऱ्या मुंग्यांना चिकटतात. मुंगी घरातच मेली असती तर हे काहीच जमलं नसतं, तिथे एकतर बुरशीची वाढ पूर्ण होत नाही आणि बाकीच्या मुंग्या मेलेलीला उचलून बाहेर टाकतात ते वेगळंच.

आता मेंदूचं. तुम्ही विचारलंत तीच तर यातली खरी गंमत आहे, कारण 2017 साली संशोधकांनी अशा मुंग्यांचे अगदी पातळ काप घेऊन बघितलं तेव्हा बुरशीच्या पेशी डोक्यात, पायात, पोटात, सगळीकडे स्नायूंना वेढा घालून एकमेकींना जोडलेल्या सापडल्या, पण मेंदूच्या आत एकही नाही! म्हणजे कळसूत्री बाहुलीसारखं, दोऱ्या हातापायांना. मेंदूपर्यंत रसायनं पोचत असणार, पण त्यात घुसायची गरज पडत नाही. आणि यात बुरशीने "ठरवून" केलंय असं काही नाही हां, ज्या बुरशीमुळे मुंगी सोयीच्या जागी मेली तिचीच पिल्लावळ वाढली, असं लाखो वर्षं चाललंय. जर्मनीत मेसेल इथे सापडलेल्या 4 कोटी 80 लाख वर्षं जुन्या पानाच्या जीवाश्मावर शिरेपाशी अशाच चाव्यांच्या खुणा आहेत.

माणसाचं म्हणाल तर ही बुरशी ठराविक मुंग्यांपुरतीच जमवून बसलीये, शिवाय आपल्या 37 डिग्रीच्या शरीरात बहुतेक बुरश्यांचा टिकाव लागत नाही. त्यामुळे झोंबी वगैरे विसरा. वागणं बदलून पसरणारा आणि माणसाला खरोखर मारणारा हवा असेल तर तो रेबीज, बुरशी नाही, व्हायरस. तो मज्जातंतूंमधून मेंदूत जातो, जनावर पिसाळतं, चावत सुटतं, आणि व्हायरस नेमका लाळेत असतो. लक्षणं दिसल्यावर जवळजवळ कुणीच वाचत नाही, म्हणून कुत्रं चावलं की जखम 15 मिनिटं साबण लावून वाहत्या पाण्याखाली धुवायची आणि लगेच डॉक्टर गाठून लस सुरू करायची. मुंगीच्या व्हिडिओला घाबरणारे लोक इथे मात्र "बघू उद्या" म्हणतात, याचं मला नेहमी नवल वाटतं.

राहिली मांजर. टॉक्सोप्लाझ्मा नावाच्या परजीवीचं लैंगिक प्रजनन फक्त मांजरांच्या कुळातल्या प्राण्यांच्या आतड्यात होतं, आणि लागण झालेल्या उंदरांना मांजराच्या वासाची भीती कमी वाटते असं प्रयोगांत दिसलंय. माणसांचा स्वभाव त्याने बदलतो वगैरे दावे खूप फिरतात, पण त्यांचा पुरावा कच्चा आहे. खरा धोका गरोदर बाईच्या बाळाला आणि प्रतिकारशक्ती कमी असलेल्यांना. त्यात तो अर्धवट शिजलेल्या मटणातून किंवा मातीतूनही येतो, त्यामुळे बिचाऱ्या मांजराला घराबाहेर काढायचं कारण नाही. विष्ठा रोजच्या रोज काढा, कारण ताज्या विष्ठेतला परजीवी लागण करण्याजोगा व्हायला किमान एक दिवस लागतो, आणि घरात कुणी गरोदर असेल तर ते काम दुसऱ्याने करायचं.