जुन्या सॉफ्टवेअरची बटणं विंडोज ११ वरही ९८ च्या काळातलीच का दिसतात? रूप बदलणारी कुठली डीएलएल टाकू?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: दुकानाचं बिलिंग सॉफ्टवेअर २००३ साली व्हीबी ६ (व्हिज्युअल बेसिक ६, सॉफ्टवेअर लिहायचं मायक्रोसॉफ्टचं जुनं साधन) मध्ये करून घेतलेलं, मशीन नवीन, तरी बटणं करडी आणि चौकोनी, नेटवर एक 'स्किन' डीएलएल (इतर सॉफ्टवेअरं वापरतात ती जोडफाइल) सापडली आहे, ती फोल्डरमध्ये टाकू का?

नका टाकू. तुम्हाला हवी ती फाइल तुमच्या मशीनमध्ये आधीपासूनच आहे, सॉफ्टवेअर ती मागत नाही एवढंच.

बटण, टेक्स्टबॉक्स, यादी या गोष्टी विंडोजमध्ये कॉमसीटीएल३२ नावाच्या डीएलएलशी जोडलेल्या असतात. २००१ साली विंडोज एक्सपी आलं तेव्हा मायक्रोसॉफ्टने तिच्या दोन आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवल्या: जुनी ५.८२ आणि नवीन ६. नवीन सगळ्यांवर लादली असती तर स्वतःची बटणं स्वतःच रंगवणारी कित्येक सॉफ्टवेअरं बिघडली असती. म्हणून नियम असा की जो मागेल त्यालाच ६, बाकीच्यांना ५.८२. व्हीबी ६ तर १९९८ चं, ते कुठून मागणार!

प्रत्यक्ष रूप असतं .एमएसस्टाइल्स या थीमच्या फाइलमध्ये. एक्सपीत लूना, आता विंडोज फोल्डरमधल्या रिसोर्सेस, थीम्स, एरो या वाटेवर एरो.एमएसस्टाइल्स. नाव काही असो, आतून ती डीएलएलच. त्यात कोड नसतो, चित्रं आणि मापं असतात. मी लूनाची फाइल रिसोर्स हॅकरमध्ये (फाइलच्या आतली चित्रं दाखवणारं सॉफ्टवेअर) उघडली होती, तेव्हा एकाच चित्रात एकाखाली एक पाच बटणं निघाली: साधं, माउस वर आलेलं, दाबलेलं, बंद आणि एंटर मारल्यावर चालणारं. यूएक्सथीम.डीएलएल ही विंडोजचीच दुसरी डीएलएल त्यातलं हवं ते कापून, ताणून बटणावर चिकटवते. आणि ती मायक्रोसॉफ्टची डिजिटल सही नसलेली थीम घेत नाही.

त्या सहीवरून मी एकदा पोळलोय. सही तपासू नये म्हणून पॅच केलेली, म्हणजे आतून बदललेली, यूएक्सथीम ऑफिसच्या एक्सपी मशीनवर टाकली, तीही सर्व्हिस पॅक १ (एक्सपीची आधीची सुधारित आवृत्ती) ची, मशीन पॅक २ चं. रीस्टार्टनंतर लॉगिनच येईना. शेवटी विंडोजची सीडी घालून रिकव्हरी कन्सोल या दुरुस्तीच्या स्क्रीनमधून मूळ फाइल एक्सपांड करावी, म्हणजे सीडीवरून उलगडून परत ठेवावी लागली. साहेब मागे उभे होते.

तुम्ही फक्त एक मॅनिफेस्ट फाइल करा, म्हणजे सॉफ्टवेअरला काय हवं ते विंडोजला सांगणारी चिठ्ठी. सॉफ्टवेअर बिल.ईएक्सई असेल तर त्याच फोल्डरमध्ये बिल.ईएक्सई.मॅनिफेस्ट. ही साधी एक्सएमएल (टेक्स्ट) फाइल असते आणि तिच्यात मायक्रोसॉफ्ट.विंडोज.कॉमन-कंट्रोल्स, आवृत्ती ६.०.०.० हवी एवढीच मागणी असते. तयार मजकूर मायक्रोसॉफ्टच्या डॉक्युमेंटेशनमधून उचला. पण नेटवरच्या कित्येक नमुन्यांत 'रिक्वेस्टेड एक्झिक्युशन लेव्हल'ची (कुठल्या अधिकाराने चालायचं ते सांगणारी) ओळही असते, ती काढून टाका. जुनं सॉफ्टवेअर प्रोग्राम फाइल्समध्ये डेटा लिहीत असेल तर विंडोज तो गुपचूप व्हर्च्युअलस्टोअर नावाच्या दुसऱ्या फोल्डरमध्ये वळवतं. ती ओळ आली की हे वळवणं थांबतं, आणि सकाळी तुम्हाला वाटेल सगळी बिलं गेली. (गेलेली नसतात, पण घाम फुटतो.) बॅकअप आधी घ्याच.

फाइल टाकूनही काही बदललं नाही, तर घाबरू नका. एकदा चाललेल्या ईएक्सईला मॅनिफेस्ट नाही हे विंडोज लक्षात ठेवून बसतं. ईएक्सईची 'मॉडिफाइड' तारीख बदलली की ते पुन्हा बघतं.

एवढं करूनही वरचा टूलबार जुनाच राहिला तर तो बहुतेक एमएसकॉमसीटीएल.ओसीएक्सचा, म्हणजे व्हीबीला टूलबारसारखे भाग पुरवणाऱ्या वेगळ्या फाइलचा. ते ओसीएक्स स्वतःचंच रंगवतं, मॅनिफेस्टला भीक घालत नाही. आणि 'रोख / उधार' सारखी गोल बटणं फ्रेममध्ये असतील तर त्यांच्यामागे काळा चौकोन दिसेल. व्हीबी ६ मधली ही जुनी खोड. फ्रेममध्ये आधी पिक्चरबॉक्स ठेवून त्यात बटणं टाकली की जाते, पण त्याला सोर्स कोड (सॉफ्टवेअरचा मूळ लिहिलेला मजकूर) लागतो. शिवाय काही सॉफ्टवेअरं सुरुवातीला इनिटकॉमनकंट्रोल्सला (कॉमसीटीएल३२ मधलं, ही बटणं तयार करून देणारं फंक्शन) हाक मारत नसल्याने मॅनिफेस्टसह उघडतच नाहीत. तसं झालं तर मॅनिफेस्ट काढा, आणि ज्यांनी सॉफ्टवेअर करून दिलं त्यांच्याकडे सोर्स अजून आहे का ते विचारा.