अर्कचित्रं काढून घर चालेल का?

अप्लाइड आर्टचं शेवटचं वर्ष आहे, चेहरे बरे जमतात, पण अर्कचित्रांवर (चेहऱ्याची वैशिष्ट्यं वाढवून काढलेल्या चित्रांवर, म्हणजे कॅरिकेचरवर) पोट भरेल का, असं तुम्ही विचारलं आहे.

फक्त वर्तमानपत्रांच्या भरवशावर राहू नका, पगारी व्यंगचित्रकाराच्या जागा फार थोड्या उरल्या आहेत. लग्न-समारंभातली लाइव्ह अर्कचित्रं, पुस्तकांची चित्रं आणि दिवाळी अंक अशी जोडणी केली तर चालतं. रोख पैसा पहिल्यात लवकर येतो.

लाइव्हमध्ये एका चेहऱ्याला ५-६ मिनिटं लागतात. उठबस धरून तासाला ८ चित्रं होतात, म्हणजे तीन तासांत २४. हा आकडा यजमानांना आधीच सांगा, नाहीतर रांग मोठी होते आणि सगळेच नाराज होतात. दर तासावर ठरवा, निम्मे पैसे आगाऊ घ्या. कागद ए-फोर, १८०-२०० जीएसएमचा (जीएसएम म्हणजे कागदाच्या जाडीचं, वजनाचं माप) आणि गुळगुळीत हवा, पण चकचकीत नको. त्यावर शाई लवकर वाळत नाही आणि पाहुण्याच्या बोटाला लागते. स्वतःचा पांढरा दिवा न्या. हॉलच्या रंगीत उजेडात चेहऱ्याचा उठाव दिसत नाही.

नवखे चित्रकार सगळ्यांचं नाक मोठं करतात, आणि मग सगळी चित्रं एकमेकांची भावंडं दिसतात. साम्य असतं ते अंतरांत. आधी डोक्याचा आकार पकडा, मग दोन डोळे आणि तोंड यांचा त्रिकोण. तो बसला की नाक कसंही ताणा, माणूस ओळखू येतो. एक भाग वाढवला तर दुसरा कमी करा: हनुवटी मोठी तर कपाळ लहान. लहान मुलांचे डोळे खाली घ्या, कपाळ मोठं ठेवा. तोंडाजवळची प्रत्येक जादा रेघ वय वाढवते, तिथे हात आखडता घ्या. आणि सेल्फीवरून काढू नका. कॅमेरा जवळ असल्याने नाक आधीच फुगलेलं असतं, तुम्ही तेच आणखी फुगवता.

दिवाळी अंकांच्या संपादकांना जून-जुलैतच नमुने पाठवा. गणपतीनंतर उशीर होतो. शब्दविरहित हास्यचित्रांना मराठीत मोठी परंपरा आहे, शि. द. फडणीसांची चित्रं रोज बघत जा. रेखाचित्र ६०० डीपीआयला (दर इंचाला ६०० ठिपके) स्कॅन करा, रंगीत ३०० ला. काळी रेघ फक्त काळ्या शाईत ठेवा. चार रंगांच्या मिश्रणात ठेवली तर छपाईत रजिस्ट्रेशन, म्हणजे रंगांची एकावर एक बसणी, जरा सरकलं तरी ती धूसर होते. ही चूक फार होते, आणि दोष मात्र प्रेसला दिला जातो.

आणखी एक, हे खरंच जपा. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार, पैसे घेऊन काढून दिलेल्या पेंटिंगच्या किंवा पोर्ट्रेटच्या कॉपीराइटचा पहिला मालक, वेगळा करार नसेल तर, पैसे देणारा असतो. हक्क लेखी दिले पण मुदत लिहिली नाही, तर ती ५ वर्षं धरली जाते. म्हणून काम घेतानाच ईमेलवर लिहून घ्या: वापर कुठे, किती काळ, आणि मूळ चित्र कुणाकडे राहणार.