वाचकांचे प्रश्न : आजीच्या ट्रंकेतून चित्रमालिका

प्रश्न : माझी आजी अलिबागकडची बेने इस्राएल, म्हणजे कोकणातली ज्यू. तिच्या ट्रंकेत काळ्या पानांचा अल्बम, जीर्ण प्रार्थनेचं पुस्तक आणि पणजोबांच्या थडग्याचा फोटो सापडला. त्यावर चित्रमालिका करतेय. थडग्यावरच्या शेवटच्या पाच हिब्रू अक्षरांवरून साल १७८७ निघतं, ते शक्यच नाही. कुठे चुकतंय? (चित्रकार वाचक, नाशिकरोड)

उत्तर : हिब्रूत प्रत्येक अक्षराला अंकाची किंमत असते. तुमची बेरीज बरोबर आहे, ओळ चुकली. ताव, नून, त्सादे, बेत, हे (४००, ५०, ९०, २, ५) ही पाच अक्षरं म्हणजे साल नव्हे. 'आत्मा जीवनाच्या गाठोड्यात बांधलेला राहो' या आशीर्वादाची ती आद्याक्षरं. बहुधा ती सगळ्यात खाली कोरतात. साल त्याच्या वर, महिन्याच्या नावापाठोपाठ शोधा. समजा ताव, रेश, त्सादे, दालेत असं आहे : ४००+२००+९०+४ = ६९४. वरचे पाच हजार सहसा लिहिलेले नसतात. यात १२४० मिळवले की १९३४. मात्र हिब्रू वर्ष सप्टेंबर-ऑक्टोबरात बदलतं, म्हणून महिना तिश्री, हेश्वान किंवा किस्लेव (वर्षाचे पहिले तीन महिने) असेल तर १२३९ मिळवा. त्यानंतरचा तेवेत डिसेंबर-जानेवारीत येतो, तिथे तारीख ताडून पाहावी लागते.

खरा घोटाळा होतो तो दालेत आणि रेशमध्ये. दालेतचा मागचा कोपरा टोकदार असून किंचित बाहेर येतो, रेशचा गोल वळतो. कोपरा झिजला की ४ चे २०० होतात! म्हणून थडग्यावर जाऊन पुन्हा फोटो काढा. सकाळी किंवा संध्याकाळी, ऊन तिरपं असताना. ढग असतील तर बाजूने टॉर्च धरा. पांडवलेण्यातले ब्राह्मी लेखही तिरप्या उजेडातच उठून दिसतात. अक्षरांत खडू भरू नका, आम्लाने दगड घासू नका. शेवाळ काढायचंच तर साधं पाणी आणि मऊ ब्रश पुरे.

अल्बममधले चिकटलेले फोटो ओढून काढू नका, पानासकट ६०० डीपीआयवर स्कॅन करा. सुटे फोटो मागूनही स्कॅन करा, स्टुडिओचा शिक्का तिथेच सापडतो. लॅमिनेशन नकोच. पावसाळ्यात नाशिकच्या दमट हवेत बुरशी धरते, तेव्हा डब्यात ओलावा शोषणारी सिलिका जेल ठेवा आणि तिचे निळे दाणे गुलाबी झाले की बदला.

प्रश्न : प्रार्थनेच्या पुस्तकाची पानं कोलाजमध्ये वापरू का? आणि प्रत्येक चित्रात ज्यूंची खूण असलेला सहा टोकांचा तारा हवाच का?

उत्तर : पानं कापू नका. ईश्वराचं नाव असलेली जीर्ण पानं ज्यू परंपरेत फेकत नाहीत, जपून ठेवतात किंवा पुरतात. सिनेगॉगमधल्या (ज्यूंच्या प्रार्थनागृहातल्या) जाणत्यांना दाखवा.

तारा नसला तरी चालेल. मुंबईत जन्मलेल्या बेने इस्राएल चित्रकार सिओना बेंजामिन यांच्या निळ्या कातडीच्या स्त्रिया पाहा. लघुचित्रांची रीत आणि सोन्याचा वर्ख बेंजामिन यांनी आपल्या विषयासाठी वापरला आहे. तुमच्याकडे तर मलिद्याचं, म्हणजे बेने इस्राएलांच्या आभाराच्या विधीचं, ताट आहे : भिजवलेले पोहे, खवलेला नारळ, साखर, वर फळं, आणि एलियाहू हन्नाबीचं (प्रेषित एलियाचं) नाव. शनिवारी, ज्यूंच्या विश्रांतीच्या दिवशी, तेलाचा घाणा बंद ठेवणारे म्हणून कोकणात यांना शनिवार तेली म्हणत. तो थांबलेला घाणा काढा. आडनावातला 'कर' ज्या गावावरून आला, त्या गावाचा नकाशा काढा. एवढं ताऱ्याला सांगता येत नाही. आजीशी बोलताना फोटोंना क्रमांक द्या आणि प्रत्येकाखाली तिचाच शब्द लिहा, शुद्ध करून नव्हे.