अनोळखी शहरात पत्ता विचारला की लोक न थांबता तुटक उत्तर का देतात? माणुसकी संपली आहे का?

अगदी हाच प्रश्न माझा दादा मला कित्येक वर्षं ऐकवतोय, म्हणून लिहायला बसलो.

एकदा संध्याकाळी मी घाईत होतो. एका आजोबांनी स्टेशनचा रस्ता विचारला. मी चालता चालताच हात केला, ‘सरळ जा, मग डावीकडे.’ थोडं पुढे गेल्यावर आठवलं, डावीकडचा रस्ता तर कामासाठी खणून ठेवलाय. तसाच मागे पळालो. कोपऱ्यावर आलो आणि कळेना, शोधायचं कुणाला? त्यांचा चेहरा मी पाहिलाच नव्हता. हातात निळी पिशवी होती, तेवढंच लक्षात होतं. निळ्या पिशवीवाले तिघं जण थांबवले, तिघेही भलतेच निघाले. आजोबांची गाडी चुकली का, हे मला कधीच कळणार नाही. अजून टोचतं.

पुढे सायमन्स आणि लेव्हिन या मानसशास्त्रज्ञांचा 1998 चा प्रयोग वाचनात आला. एक जण वाटेतल्या माणसाला रस्ता विचारतो, तेवढ्यात दोघं जण दार उचलून त्यांच्या मधून जातात आणि त्या आडोशाला रस्ता विचारणाराच बदलतो. 15 पैकी फक्त 7 जणांच्या ते लक्षात आलं. आणि हे भर चौकात नाही, विद्यापीठाच्या आवारात घडलं. म्हणजे समोरच्याकडे नीट न पाहणं ही शहराचीच खोड नव्हे. शहरात दिवसभर इतकी माणसं समोर येतात, की प्रत्येकाच्या वाट्याला कमी वेळ येतो, एवढंच. मानसशास्त्रज्ञ मिलग्रॅम यांनी 1970 मध्येच हे मांडलं होतं.

तुटक बोलण्याचं मला काही वाटत नाही. माहीत नसताना रस्ता सांगणं हा खरा गुन्हा. दादाचं म्हणणं, ‘माहीत नाही’ म्हणणं म्हणजे परक्या माणसाला झिडकारणं. साफ चूक. तेच सगळ्यात प्रामाणिक उत्तर आहे.

तुम्ही चालत्या माणसाला विचारू नका, उभ्या असलेल्याला विचारा. आणि त्याने सांगितलेला रस्ता त्यालाच परत म्हणून दाखवा, चूक असेल तर तिथेच त्याच्या लक्षात येईल. हो, रात्री एकटी चाललेली बाई थांबली नाही तर वाईट वाटून घेऊ नका. तिने थांबूच नये.

आणि दादा, तू हे वाचशीलच. त्या आजोबांना मी ‘माहीत नाही’ म्हटलं असतं, तर त्यांनी लगेच दुसऱ्या कुणाला तरी विचारलं असतं.