रॉबर्ट ऑडी वाचताना 'स्वयंसिद्ध' या शब्दापाशी अडलात तर

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: अमेरिकन तत्त्वज्ञ रॉबर्ट ऑडींचं 'द गुड इन द राइट' (२००४) हे नीतिशास्त्रावरचं पुस्तक वाचायला घेतलं, पण मूलभूत नैतिक तत्त्वं स्वयंसिद्ध असतात हे वाचून 'म्हणजे ज्याला जे पटेल ते खरं' असं वाटलं आणि पुस्तक बाजूला पडलं. पुढे वाचावं का, आणि कोणत्या क्रमाने?

जरूर वाचा, पण ते पुस्तक आधी घेऊ नका. ऑडींचं नीतिशास्त्र त्यांच्या ज्ञानमीमांसेवर, म्हणजे ज्ञान कशाला म्हणायचं आणि ते कसं मिळतं या विचारावर, उभं आहे. १९९८ साली पहिल्यांदा आलेल्या त्यांच्या 'एपिस्टेमॉलॉजी' या पाठ्यपुस्तकातलं बुद्धीवरचं प्रकरण वाचलं नसेल, तर 'द गुड इन द राइट'मधला मधला भाग हटवादी वाटणारच.

अडचण थोडी मराठीचीही आहे. आपण 'स्वयंसिद्ध' म्हणतो तेव्हा 'उघड आहे, वाद कशाला' असा अर्थ घेतो. ऑडींची व्याख्या वेगळी आहे: जे विधान पुरेसं समजलं की तेवढ्या समजेच्या बळावर ते मानणं समर्थनीय ठरतं, आणि त्याच आधारावर ते मानलं तर ते ज्ञान ठरतं, ते स्वयंसिद्ध. सगळा भार 'पुरेसं समजणं' यावर आहे. 'तुमच्या सख्ख्या आत्याच्या वडिलांची आई ही तुमची पणजी' हे विधान घ्या. घाईत कुणी 'आजी' म्हणेल, कुणाला चार क्षण लागतील. पण नाती नीट डोळ्यांपुढे आणली की बाहेरचा पुरावा लागत नाही. वंशवृक्ष काढून ते सिद्धही करता येईल. त्याने त्याची स्वयंसिद्धता जात नाही. तेव्हा स्वयंसिद्ध विधान लगेच पटलंच पाहिजे असं नाही, सगळ्यांना पटलंच पाहिजे असं नाही, आणि त्याला दुसरा पुरावा असूच नये असंही नाही. या तिन्ही गोष्टी वहीत लिहून ठेवा. बहुतेक आक्षेप यांतल्या एकीच्या विसरण्यातून येतात.

आता नीतीकडे. ब्रिटिश तत्त्वज्ञ डब्ल्यू. डी. रॉस यांनी १९३० साली सात प्रथमदर्शनी कर्तव्यं (जास्त वजनाचं दुसरं कर्तव्य आड येत नसेल तर पाळायची) मांडली: वचनपालन, झालेल्या चुकीची भरपाई, कृतज्ञता, न्याय, परोपकार, आत्मविकास आणि कुणाला इजा न करणं. ऑडी ही यादी दहापर्यंत नेतात. सत्य बोलणं ते वचनपालनापासून वेगळं काढतात आणि स्वातंत्र्याचं जतन-संवर्धन व आदरपूर्ण वागणूक यांची भर घालतात. शेवटचं मला फार मोलाचं वाटतं, कारण काय करायचं याइतकंच ते कशा रीतीने करायचं हेही कर्तव्यात येतं. योग्य मदत अपमान करून दिली तर काय चुकलं, हे सांगायला त्यामुळे जागा मिळते.

इथे नेमकं लक्ष द्या. 'वचन दिलं की ते पाळण्यासाठी एक नैतिक कारण उभं राहतं' हे तत्त्व स्वयंसिद्ध आहे. 'आज, या परिस्थितीत, मी वचन पाळलंच पाहिजे' हा निवाडा स्वयंसिद्ध नाही. वचन पाळताना कुणाला इजा होणार असेल, तर दोन्ही कारणं तोलावी लागतात आणि त्या तोलण्यात चूक होऊ शकते. हा फरक निसटला की तुम्हाला आला तसा राग येतो. ऑडी याला जर्मन तत्त्वज्ञ कांटची जोड देतात: माणसाला केवळ साधन म्हणून वापरू नये, या विचाराने ही कर्तव्यं एका सूत्रात येतात आणि संघर्षात कशाला वजन द्यायचं याला थोडी दिशा मिळते. रॉसमध्ये ही सोय नव्हती. माझ्या मते पुस्तकाचा खरा कस याच भागात आहे, आणि तो सावकाश वाचावा.

पाठ्यपुस्तकातलं आणखी एक प्रकरण सोडू नका: ज्ञानाच्या रचनेवरचं. एका समजुतीला दुसरीचा आधार, तिला तिसरीचा, असं किती मागे जायचं? साखळी अनंत असेल, फिरून स्वतःपाशी येईल, ज्ञान नसलेल्या एखाद्या समजुतीवर थांबेल, किंवा थेट ज्ञानावर टेकेल. ऑडी चौथा पर्याय घेतात, पण पाया अचल मानत नाहीत. विसंगती आढळली तर पायाही सोडावा लागतो. मात्र नुसती सुसंगती पाया निर्माण करत नाही. सुसंगत कादंबरी खरी होत नाही, तसं.

शब्दप्रमाणाचं, म्हणजे दुसऱ्याच्या सांगण्यावरून जाणण्याचं, प्रकरणही बारकाईचं आहे. सांगणाऱ्याला ज्ञान नसेल तर ऐकणाऱ्याला त्याच्या शब्दावरून ज्ञान मिळत नाही, पण विश्वास ठेवण्याचं समर्थन मिळू शकतं. इथे 'ज्ञान' आणि 'समर्थन' हे दोन शब्द एकच धरून वाचलं तर प्रकरण परस्परविरोधी वाटेल.

त्यानंतर 'द गुड इन द राइट', मग 'मॉरल परसेप्शन' (२०१३). त्यात अन्याय 'दिसतो' असं ते म्हणतात. तो रंगासारखा डोळ्यांना दिसतो असं नाही, तर ज्या गोष्टींमुळे कृती अन्याय्य ठरते त्या दिसण्यातून तो जाणवतो. कृतीकडे नेणाऱ्या विचाराबद्दल वाचायचं असेल तर १९८९ चं 'प्रॅक्टिकल रीझनिंग' शोधत बसू नका. २००६ ची 'प्रॅक्टिकल रीझनिंग अँड एथिकल डिसिजन' ही सुधारित आवृत्ती घ्या.