शॉट कुठे तोडायचा

प्रिय मित्रा,

तुझी फिल्म बघितली. गोव्यातल्या दिवाडी बेटावरच्या खाजनातल्या, म्हणजे बांध घालून राखलेल्या खाऱ्या जमिनीतल्या, मानशीवरचा (बांधातल्या पाण्याच्या दारावरचा) लांब शॉट छान लागलाय. पण तो तुटतो तिथे का तुटतो, हे काही केल्या कळेना. तुला कंटाळा आला, की कार्ड भरलं?

नुसता लांब शॉट म्हणजे चिंतनशील सिनेमा नव्हे. कॅमेरा ट्रायपॉडवर लावून चहाला जाणारे हल्ली उदंड झालेत. चौकटीत काहीतरी बदलत असायला हवं आणि त्या बदलाला लागेल तेवढीच शॉटची लांबी. तुझ्यासमोर तर ते आयतंच होतं. मानशीचं लाकडी दार कुणी उघडत नाही. ओहोटीला नदी उतरली की आतल्या पाण्याच्या जोराने ते बाहेर ढकललं जातं, भरती चढली की नदीच ते रेटून मिटवते. मधे दोन्हीकडचं पाणी समपातळीला येतं तेव्हा दार नुसतं लटकत राहतं. पालापाचोळा जरा आत येतो, पुन्हा बाहेर जातो, दाराची कड पाण्याला चाटते. तिथून सुरू कर, दार पक्कं मिटलं की थांब. मग कट कुठे, हा प्रश्नच उरत नाही.

भरतीची वेळ रोज साधारण 50 मिनिटांनी पुढे सरकते. म्हणजे आज सकाळच्या तिरप्या उन्हात मिटणारं दार आठवड्याने दुपारच्या रखरखाटात मिटेल. उधाणाला (अमावास्या-पौर्णिमेच्या मोठ्या भरतीला) आणि भांगाला (अष्टमीच्या सुमाराच्या लहान भरतीला) पाण्याचा जोरही वेगळा. एकाच जागी, एकाच भिंगाने हे सगळं टिप. दिग्दर्शक मणी कौल यांनी ‘उसकी रोटी’ या चित्रपटासाठी मुख्यतः 28 आणि 75 मिलिमीटर अशी दोनच भिंगं वापरली. पुढे ते रुद्रवीणावादक झिया मोहिउद्दीन डागरांकडे ध्रुपद गायकी शिकले, 1982मध्ये ‘ध्रुपद’ ही फिल्म केली. सूर कुठवर धरायचा याची तालीम त्यांनी गाण्यातही घेतली, हे विसरू नकोस.

शॉटखाली लावलेला तो तानपुरा मात्र काढून टाक. पाण्याचा आवाज पुरे आहे, आणि दूरच्या फेरीबोटीचा आला तर येऊ दे.

फिल्म नोव्हेंबरात इफ्फीला (गोव्यातल्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाला) पाठवायची की डिसेंबरात गॅलरीत लावायची, हे आधी ठरव. थिएटरात माणूस पहिल्यापासून बसतो. गॅलरीत तो मधेच शिरतो आणि मधेच उठतो, म्हणून तिथे दार उघडण्याचा आणि मिटण्याचा असे दोन शॉट जोड. मिटलेल्या दारापासून मिटलेल्या दारापर्यंत लूपचा, म्हणजे पुन्हा पुन्हा चालणाऱ्या फिल्मचा, सांधा बेमालूम बसेल.

आणखी एक. मानशीतली मासळी लिलावाने दिलेली असते. ज्याने ती घेतली असेल त्याला विचारल्याशिवाय बांधावर पाय ठेवू नकोस. ओहोटीला तो तोंडाशी जाळं लावतो, तेव्हा तुझा ट्रायपॉड त्याच्या वाटेत नको.

तुझा,
सर